ते उडतं ठीक हाय, पण थांबतं कसं?

माझे मामा एसटीत ड्रायव्हर होते. खेड डेपो, तेहतीस वर्षं सर्व्हिस, त्यातली निम्मी तरी कशेडी घाटात गेली असतील, आणि विनाअपघात सेवेचा बिल्ला अजून कपाटात पेढ्याच्या रिकाम्या डब्यात जपून ठेवलाय. आता सदुसष्टाव्या वर्षी पहिल्यांदा विमानात बसायची वेळ आली, कारण धाकटीचं बाळंतपण नागपूरला, आणि तिथपर्यंत बसून जायला कंबर तयार नाही. सोबत कोण जाणार तर मी. मी एअरक्राफ्ट मेंटेनन्सचा कोर्स केलाय, तीन वर्षं हँगरमध्ये काढलीत, मग सोडलं (ती गोष्ट वेगळी), आता साकीनाक्याला एसीत बसून एक्सेल भरते, पण घरच्यांच्या लेखी मी अजून विमानवालीच.

विमान उडतं कसं हे मला आत्तापर्यंत पन्नास जणांनी तरी विचारलं असेल. मामांनी ते विचारलंच नाही. टर्मिनलच्या काचेतून समोरचं विमान दोन मिनिटं न्याहाळलं, चाकांकडे बघितलं, परत एकदा चाकांकडे बघितलं आणि म्हणाले, "बाय, उडत आसंल ता ठीक हाय. एवढं धूड थांबवतात कसं ता सांग."

मला सरळ उत्तर देता आलं नाही, कारण थांबणं सांगायचं तर आधी ते वर कशावर टेकलेलं असतं ते सांगावं लागतं.

तर आमचं जुनं घर जरीमरीचं, कुर्ला-अंधेरी रोडच्या आत, म्हणजे मोठ्या धावपट्टीवर उतरणाऱ्या विमानांच्या बरोब्बर खाली. लहानपणी विमान गेलं की बोलणं अर्ध्यात थांबायचं आणि गेल्यावर तिथूनच पुढे चालू, पाहुणे चक्रावायचे. मामा आमच्याकडे यायचे ते मे महिन्यात, आणि आले की एक काम ठरलेलं, पत्र्यावर दगड आणि जुने टायर नीट मांडून देणं. का, तर पावसाळ्याच्या तोंडावरचं वादळ सुटलं की पत्रा उडतो. तर मी म्हटलं, मामा, पत्रा उडतो तेव्हा त्याला खालून कोणी ढकलतं का? पत्र्यावरून वारा जोरात गेला की वरचा हवेचा दाब कमी होतो, घरातली हवा तेवढीच राहते, ती पत्र्याला वर रेटते, खिळे निघतात, पत्रा शेजाऱ्याच्या अंगणात. विमानाचा पंख म्हणजे असा मुद्दाम, नीट वळण देऊन बनवलेला पत्रा, फक्त वर दगड ठेवलेले नाहीत.

आणि हा दाबाचा फरक किती असतो हे ऐकलं की लोकांचा विश्वासच बसत नाही. आमचं विमान ए३२०, त्याच्या पंखांचं क्षेत्रफळ साधारण १२२ चौरस मीटर, भरलेलं वजन समजा ७० टन, म्हणजे चार-पाच खच्चून भरलेल्या एसट्या. भागाकार करा, एका चौरस मीटरवर पावणेसहाशे किलोच्या आसपास येतं. आता समुद्रसपाटीला हवा कुठल्याही चौरस मीटरवर दहा टनांनी दाबत असते, तुमच्या-माझ्या डोक्यावर पण, सगळीकडून सारखी दाबते म्हणून जाणवत नाही. म्हणजे पंखाच्या वर आणि खाली सरासरी पाच-सहा टक्क्यांचा फरक पडला की काम झालं. एवढ्यावर चार-पाच एसट्या वर.

शाळेत शिकवतात की पंखाची वरची बाजू फुगीर, वरच्या हवेला लांबचा रस्ता, म्हणून ती पळत जाऊन खालच्या हवेला पलीकडे गाठते. हे चूक आहे. वरची हवा पळते हे खरं, पण गाठायला बिठायला नाही, ती खालचीच्या आधीच पुढे निघून जाते, त्यांचं काही पलीकडे भेटायचं ठरलेलं नसतं. आणि तसं असतं तर एअर शोमधली विमानं उलटी उडालीच नसती. खरा प्रकार असा की पंख थोडा नाक वर करून हवेत घुसतो आणि त्याच्यावरून-खालून जाणारी हवा खाली वळवतो, टनावारी हवा सतत खाली ढकलतो, आणि त्याबदल्यात हवा त्याला वर ढकलते. दाबाचा फरक आणि हवा खाली ढकलणं या दोन वेगळ्या गोष्टी नाहीत, एकाच व्यवहाराच्या जमा आणि खर्च बाजू आहेत. पतंग उडवलेल्याला हे हातातल्या मांज्यावर कळलेलं असतं, पतंगाला कुठं फुगीर पाठ असते? कण्णी नीट बांधली, पतंग बरोबर तिरका राहिला की झालं.

बसायला जागा मिळाली पंखाच्या जरा मागे, खिडकी मामांना. आधी एक आवाज आला, जमिनीखालून करवत चालवल्यासारखा किंवा कुत्रा भुंकून भुंकून दमल्यासारखा, घुर्र घुर्र, थांबला, परत घुर्र. पुढच्या रांगेतल्या बाईंनी गणपतीचं नाव घेतलं. ए३२०मध्ये हा आवाज हमखास येतो, काही मोडलेलं नसतं. हायड्रॉलिकच्या, म्हणजे दाबाखालच्या तेलाच्या, तीन वेगळ्या लाइनी असतात, त्यातल्या दोघींपैकी एकीत दाब कमी पडला की मध्ये बसवलेला एक पंप दुसरीच्या जोरावर तिला धक्का देतो, एकच इंजिन चालू असताना वगैरे हे होतं. हँगरमध्ये आम्ही त्याला कुत्राच म्हणायचो.

मग पंखाच्या मागच्या कडेची फळी हळूहळू बाहेर सरकली आणि खाली झुकली. मामा माझ्याकडे वळले, "सुटली काय गो?" सुटली नाही, तो फ्लॅप. पंख बनवलेला असतो आठशेच्या स्पीडला, जमिनीजवळच्या अडीचशेच्या स्पीडला तेवढा पंख पुरत नाही, म्हणून तो तात्पुरता मोठा आणि जास्त वाकडा करायचा. उडताना थोडा, उतरताना पूर्ण. उतरताना फ्लॅपच्या फटीतून खालची जमीन दिसते, ती बघून घाबरू नका, फट ठेवलेलीच असते.

धावपट्टीच्या टोकाला गेलो, वळलो, आणि मामांनी ऊन कुठून येतंय ते बघून दिशा पकडली. "नागपूर कुठं, हा चाललाय कुठं? समुद्रात?" बरोबर पकडलं. मुंबईच्या मोठ्या धावपट्टीचं नाव एका टोकाला ०९ आणि दुसऱ्या टोकाला २७, म्हणजे होकायंत्रातले ९० आणि २७० अंश, शेवटचं शून्य खाल्लेलं. २७ म्हणजे नाक पश्चिमेला. पावसाळ्यात वारा समुद्राकडून येतो, आणि विमान शक्यतो वाऱ्याच्या तोंडावर उडतं आणि वाऱ्याच्या तोंडावरच उतरतं, कुठं जायचंय ते नंतर. पंखाला हवेचा स्पीड लागतो, रस्त्याचा नाही. समजा २६० हवेत आणि समोरून ३०चा वारा आहे, तर जमिनीवर २३०च पळावं लागतं, ३० फुकट. म्हणून नागपूरला जाणारं विमान आधी पार्ल्यावरून जुहूच्या समुद्रावर जातं, आणि मग वळून घरावरून परत जातं.

जुहूचं नाव निघालं म्हणून एक भारी किस्सा. २४ सप्टेंबर १९७२ला जपान एअरलाइन्सचं एक डीसी-८, एवढं मोठं जेट, सांताक्रूझ समजून जुहूच्या छोट्या विमानतळावर उतरलं. दोन्हीच्या धावपट्ट्या साधारण एकाच दिशेच्या आणि मधलं अंतर किरकोळ. जुहूची पट्टी त्याला पुरणारच नव्हती, पुढे निघून गेलं, जीव मात्र कोणाचा गेला नाही. मामा यावर एवढे हसले की बेल्ट आवळला, "चुकीच्या डेपोत लावली म्हण की गाडी! कंट्रोलरनं मेमो दिला आसंल."

उड्डाणातली मला आवडणारी गोष्ट म्हणजे एक हात. पायलट थ्रॉटल, म्हणजे इंजिनाचा जोर वाढवायचा दांडा, पुढे ढकलून त्यावर हात ठेवून बसतो, का, तर काही बिघडलं तर झटकन मागे ओढून ब्रेक मारता यावा. प्रत्येक उड्डाणाआधी त्या दिवसाचं वजन, वारा, ओली-सुकी पट्टी हे सगळं धरून एक स्पीड काढलेला असतो, त्याला व्ही-वन म्हणतात. तो आला की पायलट थ्रॉटलवरचा हात काढून घेतो. आता इंजिन बंद पडलं तरी थांबायचं नाही, कारण थांबायला पट्टी उरलेली नसते, उरलेल्या एका इंजिनावर वर जायचं आणि सावकाश फिरून परत यायचं, आणि एका इंजिनावर ते जातं, तसंच बनवलेलं असतं. हात तिथेच राहिला तर घाबरून मागे ओढला जाईल म्हणून हातच काढायचा. मामा यावर बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "वळणावर ओव्हरटेकला निघालं की तसाच हाय. अर्ध्यात इचार बदललास की मेलास."

वर गेल्यावर मिनिटाभरात इंजिनाचा आवाज एकदम उतरतो आणि पोटात खड्डा पडतो, विमान खाली चाललंय असं वाटतं. चाललेलं नसतं, फक्त चढायचा वेग कमी होतो. हजार-दीड हजार फुटांवर इंजिनांचा पूर्ण जोर काढून चढायच्या जोरावर आणतात, एवढंच, पण कानाच्या आतलं ते पाणी आपल्याला फसवतं. पंधरा वेळा उड्डाण केलेली माणसं पण इथं खुर्चीचा हात धरतात, मी बघते ना.

मधला प्रवास सांगण्यासारखा नाही, साडेतीनशे रुपयांचं सँडविच आणि ढग. एवढंच की पूर्वेकडे जाणारी विमानं विषम हजारांवर, म्हणजे ३३, ३५, ३७ हजार फूट, आणि पश्चिमेकडे जाणारी सम हजारांवर, तेव्हा समोरासमोर आली तरी मध्ये हजार फूट. मामांच्या भाषेत, डिव्हायडर आडवा टाकलाय.

नागपूरला मुलगी झाली, गोड आहे, नाक मामांवर गेलंय. आठवड्याने परत निघालो तेव्हा मुंबईत धो धो पाऊस, आणि खरं लेक्चर इथं झालं.

नाशिकच्या बरंच अलीकडे इंजिनांचा आवाज जवळजवळ गेला. मामांच्या ते आधी लक्षात आलं, माझ्या नंतर. उतरायला सुरुवात करतात ती किती लांबून, तर पस्तीस हजार फुटांवरून यायचं असेल तर साधारण दोनशे किलोमीटर आधीपासून, आणि तो बराचसा रस्ता इंजिनं आयडलवर ठेवून घसरत येतात. झालं, मामा उखडले. "न्यूट्रलमधी घाट उतरवतो? डिझेल वाचवाय? आमच्याकडं सस्पेंड केला असता." त्यांचं बरोबरच आहे, गाडी न्यूट्रलमध्ये उतारावर सोडली की ब्रेक तापतात आणि खेळ खलास, घाट चढला ज्या गियरमध्ये त्याच गियरमध्ये उतरायचा. पण विमानाला स्वतः पंखच ब्रेक. हवेत थोडं नाक वर धरलं की स्पीड मरतो, आणि त्यानेही भागलं नाही तर पंखाच्या पाठीवर झडपा उभ्या राहतात, हवा अडवतात, तेव्हा विमान थरथरतं, खिडकीतून दिसतं ते.

"आन् इंजिनं दोन्ही खरोखरच गेली तर?" हे विचारताना आवाज हळू, आजूबाजूच्यांना ऐकू जाऊ नये म्हणून. विमान दगडासारखं पडत नाही, घसरतं. एक किलोमीटर खाली येताना साधारण सतरा किलोमीटर पुढे जातं, म्हणजे पस्तीस हजार फुटांवर नाशिकच्या डोक्यावर दोन्ही बंद पडली तरी हिशोबाने मुंबई गाठता येते. २४ ऑगस्ट २००१ला एअर ट्रान्झॅटचं एक ए३३० अटलांटिक समुद्रावर इंधन गळून कोरडं झालं, दोन्ही इंजिनं बंद, आणि शंभरावर किलोमीटर, एकोणीस मिनिटं, नुसतं तरंगत अझोर्स बेटांवर येऊन उतरलं. ३०६ माणसं, सगळी वाचली. पुन्हा प्रयत्न करायची सोय नव्हती, एकदाच बसवायचं होतं.

मुंबईला घिरट्या झाल्या. इथल्या दोन धावपट्ट्या एकमेकींना कात्रीसारख्या छेदतात, त्यामुळे नावाला दोन असल्या तरी एका वेळी एकच वापरता येते, आणि पाऊस आला की दोन विमानांमधलं अंतर वाढवावं लागतं, मग बाकीचे वर ढगात गोल गोल. कॅप्टनने सांगितलं तेव्हा अर्धं विमान हळहळलं. मामा निवांत, म्हणाले क्रॉसिंगला एसटी उभी राहते तसंच ना.

मग खाली यायला लागलो. जमिनीवरून दोन रेडिओचे झोत सोडलेले असतात, एक डावं-उजवं सांगतो, एक वर-खाली, दोन्ही बरोबर मध्ये धरले की विमान तीन अंशांच्या उतारावरून सरळ पट्टीच्या तोंडाशी येतं. तीन अंश म्हणजे एक किलोमीटरला बावन्न मीटर, एकास एकोणीसचा उतार. (मामा, "एवढाच? सपाटच की!") ढगातून घाटकोपर दिसलं, ओल्या इमारती, चाकं धाडकन बाहेर आली, फ्लॅप पूर्ण, आणि अचानक इंजिनं किंचाळली, पाठ सीटला चिकटली आणि आम्ही परत वर.

पाच सेकंद सगळं चिडीचूप, मग रडारड. एक काका मागून ओरडले की पायलटला पट्टी दिसली नाही. पुढचं विमान पट्टीवरून वेळेत बाजूला झालं नव्हतं, कॅप्टनने सांगितलं नंतर. याला गो-अराउंड म्हणतात आणि हा अपघात टळलेला वगैरे नसतो. नियम असा की ठरलेल्या उंचीला, ढगात हजार फूट धरा, स्पीड, उतार, फ्लॅप, रेष सगळं जागेवर पाहिजे, एक गोष्ट इकडेतिकडे असेल किंवा पट्टी मोकळी नसेल तर वर जायचं. वाद नाही, लाज नाही. मला तर जो पायलट गो-अराउंड करतो त्याच्याबद्दल आदर वाटतो, कारण एवढ्या उशिरानंतर मागे दीडशे माणसं घड्याळ बघत बसलेली असताना "नको" म्हणायला छाती लागते. मामा एकटे मान डोलवत होते. "शाना हाय."

दुसऱ्या खेपेला आमच्या जरीमरीवरून गेलो. निळी ताडपत्री, टायर, दगड, एका पत्र्यावर लाल बादली. मग पट्टी, आणि धप्प! चांगलंच आपटलं. वरचं एक कपाट उघडलं.

आता हे वाचणाऱ्यांनी लक्षात ठेवा, पावसात मऊ उतरलेलं विमान मला आवडत नाही. टायर हळूच टेकवला तर तो पाण्यावर तरंगतो, पाण्याचा पापुद्रा फोडून खालच्या डांबरापर्यंत जायला जोर लागतो, म्हणून ओल्या पट्टीवर मुद्दाम ठामपणे बसवतात. १ जुलै २०१९च्या रात्री अशाच पावसात इथं एक विमान पट्टी संपवून पुढे गवतात-चिखलात गेलं होतं. माणसं सुखरूप बाहेर आली, पण मोठी धावपट्टी किती तरी दिवस बंद होती, आमच्या ऑफिसात त्या आठवड्यात कोणाचंच विमान वेळेवर नव्हतं.

टेकल्यावर तीन गोष्टी एकदम होतात. पंखावरच्या झडपा सगळ्या उभ्या राहतात, आणि त्यांचं खरं काम हवा अडवणं हे दुय्यम, मुख्य काम पंखाची उचल मारणं. कारण टेकलं तरी पंख अजून विमानाला उचलून धरत असतो, चाकांवर वजनच नसतं, आणि वजन नसलेल्या चाकाला ब्रेक मारून काय होणार, नुसतं घसरणार. दुसरं रिव्हर्स. इंजिन उलटं फिरत नाही, मामांना तसंच वाटलं होतं, त्याच्या बाजूची दारं उघडतात आणि मागे जाणारी हवा पुढे वळवतात, तो मोठा घोंघाट तोच. आणि तिसरे ब्रेक. हिशोब मी रुमालावर करून दाखवला होता, ६२ टन, ताशी २४०चा स्पीड. भरलेली एसटी साठच्या स्पीडला असेल तर तशा पासष्ट-सत्तर एसट्या एकदम थांबवण्याएवढी ताकद जिरवावी लागते. त्यातली बरीचशी कार्बनच्या तबकड्यांमध्ये उष्णता होऊन जाते. पुढच्या उड्डाणाला ए३२०चे ब्रेक ३०० डिग्रीच्या खाली आल्याशिवाय निघता येत नाही, म्हणून कधी कधी विमान तयार दिसतं, माणसं बसलेली, आणि निघत नाही, ब्रेक गार व्हायची वाट बघत असतात. हे अनाउन्समेंटमध्ये कोणी नीट सांगत नाही, "तांत्रिक कारण" म्हणून मोकळे.

टायर मात्र मामांचा विषय निघाला. त्यात हवा नाही, नायट्रोजन भरतात, दाब २०० पीएसआयच्या आसपास, एसटीच्या जवळपास दुप्पट. आणि झिजला की रिमोल्ड करून परत लावतात, अनेकदा. "रिमोल्ड? विमानाला रिमोल्ड?" एवढ्या मोठ्याने म्हणाले की शेजारच्या मुलाने हेडफोन काढले. मी म्हटलं हो, नीट तपासून करतात. मामांच्या चेहऱ्यावर जो आनंद होता तो नातीच्या वेळेपेक्षा फार कमी नव्हता.

थांबता थांबता माझं लक्ष खाली गेलं. मामांचा उजवा पाय पुढच्या सीटखाली पूर्ण दाबलेला, चप्पल वाकलेली, पिंढरी ताठ. विमान पट्टीवरून वळून बाहेर पडलं तेव्हा तो पाय सैल झाला.

उतरताना लोक कुरकुरत होते, काय आपटली, शिकाऊ होता का. कॅप्टन दाराशी उभे होते, तरुण मुलगी निघाली, पंचविशी-तिशीची. मामा थांबले, मागे लाइन तुंबली, हवाई सुंदरी हसतेय, आणि मामांनी कपाळाला हात लावून म्हटलं, "पावसात अशीच बसवायची, बाय." ती म्हणाली, "काका, तुम्ही पण पायलट?"

"खेड डेपो," मामा म्हणाले.